करारात वित्तीय सेवांचं प्रकरण आहे, मग परवाना कशाला?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. कंपनी एका देशात नोंदलेली आहे आणि तिथल्या नियामकाचा परवाना तिच्याकडे आहे. ॲपवर तीन कामं होतात: गुंतवणुकीचा सल्ला, शेअर आणि बाँडच्या ऑर्डरी पुढे पाठवणं, आणि परदेशी पैसे पाठवणं. दुसऱ्या एका देशाशी मुक्त व्यापार करार झाला आहे आणि त्यात वित्तीय सेवांचं स्वतंत्र प्रकरण आहे. तिथे शाखा न उघडता ग्राहक घेता येतील का? आणि तिथल्या नियामकाने परवाना मागितला, तर त्याच्यापुढे करार ठेवता येईल का?

दुसऱ्या भागाचं उत्तर सोपं आहे: ठेवून उपयोग नाही. व्यापार करार दोन सरकारांमध्ये होतो. तो तुम्हाला परवाना देत नाही. समोरचं सरकार कोणत्या कारणाने तुम्हाला अडवू शकतं, त्यावर तो थोडी बंधनं घालतो, एवढंच. युरोपीय संघाच्या अलीकडच्या करारांत तर स्पष्टच लिहिलेलं असतं की खाजगी व्यक्तीला देशातल्या न्यायालयात कराराचा थेट आधार घेता येणार नाही. म्हणून मी हा प्रश्न नेहमी तीन तुकड्यांत सोडवते. तिथला कायदा आज काय करू देतो? करारात त्या सरकारने स्वतःला काय बांधून घेतलं आहे? आणि या दोन्हींत तफावत निघाली, तर ती कोणी आणि कुठे मांडायची? बहुतेक जण दुसऱ्या तुकड्यापासून सुरुवात करतात आणि शंभर पानं वाचून झाल्यावर कळतं की पहिल्याच तुकड्यात काम होणार होतं.

कायदा आधी बघायचं कारण असं. करारातली बांधिलकी हा तळ असतो. त्याच्या खाली जायचं नाही असं सरकारने कबूल केलेलं असतं, पण वर जायला मोकळीक असते. अनेक देशांचा चालू कायदा त्यांच्या जागतिक व्यापार संघटनेतल्या सूचीपेक्षा, म्हणजे कोणती सेवा किती उघडू हे लिहून दिलेल्या यादीपेक्षा, बराच सैल आहे, कारण त्या सूची मुख्यतः १९९७ च्या वाटाघाटींतल्या आहेत. एखाद्या देशाने सूचीत काहीच कबूल केलेलं नसतं, तरी त्याच्या कायद्यात व्यावसायिक गुंतवणूकदारांसाठी परदेशी सल्लागाराला सूट असू शकते. अशी सूट सापडली तर तिच्यावर काम सुरू करता येतं. फक्त ती उद्या काढून घेतली तर करारभंगाची तक्रार करता येणार नाही, हे धंद्याच्या आखणीत धरून चालायचं.

आता करार. पाया आहे गॅट्स, म्हणजे जागतिक व्यापार संघटनेचा सेवा व्यापाराचा सर्वसाधारण करार. तो १ जानेवारी १९९५ पासून लागू आहे. वित्तीय सेवांवरच्या मुख्य बांधिलक्या त्यानंतर ठरल्या. वाटाघाटी १२ डिसेंबर १९९७ ला संपल्या आणि त्यांतून आलेला गॅट्सचा पाचवा प्रोटोकॉल, म्हणजे जोडकरार, १ मार्च १९९९ ला अमलात आला. गॅट्समध्ये काही कर्तव्यं जवळजवळ सगळ्या सेवांना लागू आहेत, उदाहरणार्थ सर्वाधिक पसंतीच्या राष्ट्राची वागणूक (सगळ्या सदस्य देशांना सारखंच वागवणं) आणि पारदर्शकता. बाजारप्रवेश आणि राष्ट्रीय वागणूक (परदेशी पुरवठादाराला देशी पुरवठादारासारखंच वागवणं) मात्र आपोआप मिळत नाहीत. ज्या सेवेसाठी आणि पुरवठ्याच्या ज्या प्रकारासाठी देशाने सूचीत लिहून दिलं असेल, तेवढ्यापुरतीच ती मिळतात.

पुरवठ्याचे प्रकार चार आहेत. पहिल्यात सेवा सीमा ओलांडते, माणसं जागेवरच राहतात. दुसऱ्यात ग्राहक सीमा ओलांडून जातो आणि तिकडे सेवा घेतो. तिसऱ्यात पुरवठादार तिकडे शाखा किंवा उपकंपनी काढतो. चौथ्यात पुरवठादाराचा माणूस तिकडे जाऊन काम करतो. विमा आणि बँकिंगमध्ये सरकारं तिसऱ्या प्रकाराबाबत बऱ्यापैकी उदार असतात, कारण आपल्या हद्दीत बसलेल्या संस्थेवर देखरेख ठेवता येते. पहिल्या प्रकाराबाबत ती हात आखडता घेतात. तुमचा सगळा बेत पहिल्या प्रकारावर उभा आहे, म्हणजे जिथे करार सर्वांत कंजूष असतात नेमका तिथे.

पण तुमचा व्यवहार पहिल्या प्रकारात मोडतो की दुसऱ्या? इंटरनेटवर ग्राहक प्रत्यक्ष कुठेच जात नाही, त्यामुळे वाद होतो. दुसऱ्या प्रकाराच्या बांधिलक्या सहसा जास्त मोकळ्या असल्यामुळे कंपन्यांचा युक्तिवाद ठरलेला असतो: ‘ग्राहकच आमच्याकडे आला, आम्ही बोलावलं नाही.’ हा बचाव किती टिकेल, ते कराराच्या एका वाक्यावर अवलंबून आहे. नाफ्ता (अमेरिका, कॅनडा आणि मेक्सिको यांचा २०२० पर्यंत लागू असलेला करार) आणि सीपीटीपीपी (मुख्यतः प्रशांत महासागराभोवतीच्या देशांचा करार) या दोन्हींच्या मजकुरात म्हटलेलं आहे की आपल्या रहिवाशांना परदेशी पुरवठादाराकडून वित्तीय सेवा विकत घेऊ देणं, याचा अर्थ त्या पुरवठादाराला आपल्या हद्दीत धंदा करू देणं किंवा ग्राहक मागू देणं असा होत नाही. शिवाय ‘धंदा करणं’ आणि ‘ग्राहक मागणं’ यांची व्याख्या प्रत्येक देशाने स्वतः करायची आहे. म्हणजे स्थानिक भाषेतलं संकेतस्थळ, स्थानिक चलनातल्या किमती, तिकडचा ग्राहकसेवा क्रमांक, तिथल्या लोकांना दिसणाऱ्या जाहिराती, ओळखीच्या ग्राहकाला कमिशन देऊन आणवलेले नवे ग्राहक, यातलं काहीही त्या व्याख्येत येऊ शकतं. ती व्याख्या करारात शोधू नका. ती नियामकाच्या परिपत्रकांत असते.

सूची वाचताना एक चूक इतक्या वेळा होते की ती वेगळी सांगते. गॅट्सच्या सूचीतल्या रकान्यात ‘नन’ (None) लिहिलेलं असेल, तर त्याचा अर्थ ‘मर्यादा काही नाहीत’, म्हणजे पूर्ण बांधिलकी. ‘अनबाउंड’ (Unbound) लिहिलेलं असेल, तर त्याचा अर्थ ‘आम्ही काहीही बांधून घेतलेलं नाही’. सवयीने वाचणारा माणूस हे दोन्ही बरोबर उलटे वाचतो. रकाने दोन असतात, एक बाजारप्रवेशाचा आणि एक राष्ट्रीय वागणुकीचा. सूचीच्या सुरुवातीला सगळ्या क्षेत्रांना लागू असलेला आडवा भाग असतो, आणि वित्तीय क्षेत्राच्या डोक्यावर टिपा असतात. त्या टिपांत कधी कधी अख्खी बांधिलकी कापलेली असते, म्हणून रकान्याआधी त्या वाचायच्या.

दोन रकाने एकमेकांशी जुळत नसतील तर काय? चीनमधल्या इलेक्ट्रॉनिक पेमेंट सेवांवर अमेरिकेने केलेल्या तक्रारीत २०१२ साली नेमका हा पेच आला. पहिल्या प्रकारासाठी चीनच्या बाजारप्रवेशाच्या रकान्यात ‘अनबाउंड’ होतं आणि राष्ट्रीय वागणुकीच्या रकान्यात ‘नन’. जागतिक व्यापार संघटनेच्या तंटा मंडळाने ठरवलं की जी उपाययोजना दोन्ही कर्तव्यांच्या आड येते, तिला बाजारप्रवेशाच्या रकान्यातल्या ‘अनबाउंड’चं संरक्षण मिळतं. तेव्हा उजवीकडचं ‘नन’ बघून हुरळून जाऊ नका, डावीकडचा रकाना बंद असेल तर त्याला फारशी किंमत उरत नाही. कार्डाचं जाळं चालवणं हे ‘पेमेंट आणि पैसे पाठवण्याच्या सर्व सेवा’ या शीर्षकाखाली येतं, हेही याच प्रकरणात ठरलं. नेमका शब्द सूचीत नसला तरी सेवा सूचीबाहेर असते असं नाही.

दुसरं उपयोगी प्रकरण वित्तीय सेवांचं नाही, ऑनलाइन जुगाराचं आहे. अँटिग्वा आणि बार्बुडाने अमेरिकेविरुद्ध केलेल्या तक्रारीत तंटा मंडळाच्या वरच्या अपील मंडळाने एप्रिल २००५ मध्ये म्हटलं की पहिल्या प्रकारात पूर्ण बांधिलकी दिल्यावर दूरवरून सेवा देण्यावर सरसकट बंदी घालणं म्हणजे शून्य कोटा ठेवणं, आणि ते बाजारप्रवेशाच्या विरुद्ध आहे. देशी-परदेशी दोघांनाही बंदी सारखीच आहे, ही सबब तिथे पुरत नाही. पण परवाना मागणं म्हणजे कोटा नव्हे. पुरवठादारांची संख्या, व्यवहारांचं मूल्य, कायदेशीर स्वरूप, परदेशी भागभांडवलाची कमाल टक्केवारी अशा सहा प्रकारच्या मर्यादा बाजारप्रवेशाच्या कलमात मोजून दिल्या आहेत. पात्रता, किमान भांडवल आणि लेखापरीक्षण या अटी त्यांत येत नाहीत. तुम्हाला ‘परवाना घ्या’ म्हणणारा नियामक बहुतेक वेळा कराराच्या आत असतो.

आता तुमची तीन कामं वेगळी करू. ‘आमचं फिनटेक ॲप आहे’ असं वर्गीकरण कोणत्याच सूचीत नाही. गॅट्सच्या वित्तीय सेवा परिशिष्टात सोळा प्रकारच्या सेवा दिल्या आहेत, चार विम्याच्या आणि बारा बँकिंग व इतर. ॲपच्या एकेका बटणाला यातली एकेक ओळ लावायची.

सल्ल्याचं नशीब सर्वांत चांगलं आहे. वित्तीय सेवांच्या बांधिलक्यांबाबत एक ऐच्छिक सामंजस्यपत्र आहे. प्रामुख्याने विकसित देशांनी आपल्या सूची त्यानुसार केल्या आहेत. त्यात पहिल्या प्रकाराखाली उघडलेल्या गोष्टी मोजक्या आहेत: जहाज, व्यावसायिक विमानवाहतूक, अंतराळ प्रक्षेपण आणि आंतरराष्ट्रीय मालवाहतूक यांच्या जोखमींचा विमा, पुनर्विमा, विम्याच्या सहायक सेवा, वित्तीय माहिती पुरवणं व तिच्यावर प्रक्रिया करणं, आणि सल्ला व सहायक सेवा. या शेवटच्या नोंदीला एक शेपूट आहे: मध्यस्थी वगळून. तुमचा सल्ला त्यात बसतो. ऑर्डर पुढे पाठवली की ती मध्यस्थी ठरण्याचा धोका असतो आणि तिथे दार बंद होतं. म्हणून सल्ला आणि ऑर्डर यांचे करार, शुल्क आणि शक्य असेल तर कंपन्याही वेगळ्या ठेवाव्यात, असं माझं मत आहे. एकाच शुल्कात दोन्ही दिलं, तर नियामक अख्ख्या गोष्टीला कडक नियम लावायला मोकळा होतो.

ऑर्डरींसाठी करारातून फार आशा धरू नका. सीपीटीपीपीच्या प्रकरण ११ मध्ये देशाबाहेरच्या संस्थेला सामूहिक गुंतवणूक योजनेसाठी सल्ला आणि पोर्टफोलिओ व्यवस्थापन देऊ द्यावं असं आहे. पण ते फंडासाठी आहे, किरकोळ ग्राहकासाठी नाही, आणि अभिरक्षेच्या म्हणजे कस्टडीच्या (ग्राहकाचे शेअर, बाँड सांभाळून ठेवण्याच्या) सेवा त्यातून वगळल्या आहेत. तुमचा ग्राहक तिकडचा फंड असेल तर ही वाट तपासा.

पैसे पाठवण्याचं काम सर्वांत अडचणीचं. सीपीटीपीपीत इलेक्ट्रॉनिक पेमेंट कार्ड सेवांना सीमापार परवानगी आहे, ती वाचून अनेकांना वाटतं की आपलं काम झालं. ती तरतूद कार्डांच्या व्यवहारांवर प्रक्रिया करणाऱ्या जाळ्यांसाठी आहे, ग्राहकाच्या खात्यातून पैसे उचलून दुसरीकडे पोचवणाऱ्यासाठी नाही. शिवाय इथे मनी लाँडरिंगविरोधी नियम आणि परकीय चलनाचे नियम येतात. गॅट्समध्ये एक चांगली तळटीप आहे: पहिल्या प्रकारात बाजारप्रवेश दिला असेल आणि भांडवलाची ये-जा हा त्या सेवेचा अत्यावश्यक भाग असेल, तर ती ये-जाही होऊ द्यावी लागते. पण आधी बांधिलकी असली पाहिजे, ती नसेल तर तळटीपही नाही. या कामासाठी मी स्थानिक परवानाधारक भागीदाराशिवाय दुसरं काही सुचवणार नाही.

तुमच्या मुक्त व्यापार कराराची सूची कोणत्या पद्धतीची आहे, यावरही बरंच अवलंबून आहे. काही करार लिहिलेलं तेवढंच उघडतात, काही लिहिलेलं सोडून बाकी सगळं उघडतात. दुसऱ्या पद्धतीत अपवादांचं परिशिष्ट असतं. त्याच्या एका विभागात आजचे विसंगत कायदे असतात, आणि दुसऱ्यात अशी क्षेत्रं असतात जिथे सरकार उद्या नवे निर्बंधही आणू शकतं. दुसरा विभाग जास्त काळजीपूर्वक वाचा. आणि एक सापळा: करार एकूण ‘सोडून बाकी सगळं’ पद्धतीचा असला, तरी सीमापार वित्तीय सेवा त्यातसुद्धा ‘लिहिलेलं तेवढंच’ असू शकतात. सीपीटीपीपीचं परिशिष्ट ११-अ आणि अमेरिका-मेक्सिको-कॅनडा कराराचं परिशिष्ट १७-अ असेच आहेत. मुख्य प्रकरण वाचून उत्साहात आलेला माणूस या परिशिष्टापर्यंत पोचतच नाही. शिवाय सीमापार पुरवठादाराने नोंदणी करावी किंवा अधिकृतता घ्यावी, अशी अट घालायची मुभाही सीपीटीपीपीत सरळ शब्दांत आहे.

इथवरचं एका दमात सांगायचं तर: सल्ल्याला बऱ्यापैकी वाव, ऑर्डरींना थोडा आणि ग्राहक कोण आहे त्यावर अवलंबून, पैसे पाठवण्याला जवळजवळ नाही.

बांधिलकी सापडली तरी एक मोठं दार उरतं. गॅट्सच्या वित्तीय सेवा परिशिष्टातला परिच्छेद २(अ) म्हणतो की करारात काहीही असलं तरी गुंतवणूकदार, ठेवीदार, विमाधारक यांच्या संरक्षणासाठी किंवा वित्तीय व्यवस्थेच्या स्थैर्यासाठी देश विवेकी (प्रुडेन्शियल), म्हणजे सावधगिरीचे, उपाय करू शकतो. मात्र ते उपाय कराराशी विसंगत असतील, तर बांधिलकी टाळण्याचं साधन म्हणून ते वापरायचे नाहीत. हे कलम जवळपास प्रत्येक मुक्त व्यापार करारात थोड्याफार फरकाने आलेलं आहे. त्याची कसोटी अर्जेंटिनाविरुद्ध पनामाने केलेल्या तक्रारीत लागली. तंटा मंडळाने २०१५ मध्ये म्हटलं की उपाय आणि त्यामागचं विवेकी कारण यांच्यात तर्कसंगत कार्यकारणभाव दिसला पाहिजे. पुनर्विमा आणि भांडवली बाजारातला प्रवेश यांवरच्या अर्जेंटिनाच्या दोन उपायांत तो दिसला नाही. २०१६ मध्ये अपील मंडळाने ‘सारख्या सेवा’ या मुद्द्यावरचा निष्कर्ष उलटवला, त्यामुळे पनामाच्या हाती फारसं काही लागलं नाही. पण हे कलम फक्त देशांतर्गत नियमनाला नाही तर सर्व प्रकारच्या उपायांना लागू आहे, हे अपील मंडळाने मान्य केलं. व्यवहारात याचा अर्थ असा: नियामकाने कारण लेखी दिलं असेल आणि ते उपायाशी जुळत असेल, तर भांडायला जाऊ नका. कारणच दिलेलं नसेल, किंवा त्याच जोखमीच्या स्थानिक कंपनीला मोकळं सोडलं असेल, तर मुद्दा आहे.

डेटाचं प्रकरण वेगळं तपासा. सीपीटीपीपीच्या ई-वाणिज्य प्रकरणात सर्व्हर स्थानिक ठेवायची सक्ती करू नये असं आहे, पण वित्तीय संस्था त्यातून वगळल्या आहेत. २०२० च्या १ जुलैला लागू झालेल्या अमेरिका-मेक्सिको-कॅनडा करारात उलट आहे. नियामकाला माहिती तात्काळ, थेट, संपूर्ण आणि सतत मिळत असेल, तर सर्व्हर आपल्याच देशात ठेवा असं वित्तीय संस्थेलाही सांगता येत नाही. तुमच्या करारात यातलं कोणतं वळण आहे ते बघा, आणि दुसरं असेल तर नियामकाला माहिती कशी मिळेल याचा लेखी आराखडा आधीच तयार ठेवा.

व्यापार करार आणि नियामकांची परस्पर मान्यता यांचीही गल्लत होते. ब्रिटन युरोपीय संघाच्या एकल बाजारात होता तोवर एका देशाच्या परवान्यावर सगळीकडे सेवा देता येत होती. १ जानेवारी २०२१ पासून त्या जागी व्यापार करार आला आणि ती सोय गेली, जरी करारात वित्तीय सेवांची कलमं आहेत तरी. उरलेल्या समतुल्यतेच्या मान्यता (समोरच्याचे नियम आपल्या तोडीचे आहेत असं मानणं) हे प्रत्येक बाजूचे एकतर्फी निर्णय आहेत, दिले तसे काढूनही घेता येतात. ब्रिटन आणि स्वित्झर्लंड यांनी २१ डिसेंबर २०२३ ला सही केलेला वित्तीय सेवा करार मात्र परस्पर मान्यतेवर उभा आहे आणि मोठ्या, जाणकार ग्राहकांसाठी आहे. तुमच्या दोन देशांत असं काही असेल, तर ते व्यापार करारापेक्षा जास्त उपयोगी पडेल. दोन्ही नियामकांच्या संकेतस्थळांवर सामंजस्य करार शोधा.

कंपनीच्या मालकीचाही विचार करा. तुमचे भागधारक तिसऱ्या देशातले असतील आणि नोंदणीच्या देशात भरीव कामकाज नसेल, तर समोरचा देश कराराचे लाभ नाकारू शकतो. कर्मचारी, कार्यालय आणि स्थानिक उलाढाल यांची कागदपत्रं हाताशी ठेवा.

तफावत खरोखर निघालीच, तर पायऱ्या अशा. आधी त्या देशाच्या चौकशी केंद्राकडे नेमका नियम आणि त्याचा आधार लेखी विचारा. गॅट्सनुसार प्रत्येक सदस्याने असं केंद्र ठेवायचं असतं. अर्ज केला असेल तर तो पूर्ण असल्याची पोच घ्या. सीपीटीपीपी आणि अमेरिका-मेक्सिको-कॅनडा करार या दोन्हींत पूर्ण अर्जावर १२० दिवसांत निर्णय अपेक्षित आहे आणि ही मुदत पूर्ण अर्जापासूनच मोजली जाते, म्हणून पोचेचं महत्त्व. त्यानंतर स्वतःच्या व्यापार मंत्रालयाकडे जा, कारण तक्रार फक्त सरकार करू शकतं. बहुतेक करारांत वित्तीय सेवा समिती असते, तिथे विषय वर्षाकाठी का होईना निघतो, आणि खरे तोडगे खटल्यांपेक्षा तिथे जास्त निघतात. जागतिक व्यापार संघटनेचं अपील मंडळ डिसेंबर २०१९ पासून ठप्प आहे, त्यामुळे तंटा मंडळाचा निकाल लागला तरी हरलेला देश अपील करून तो लटकत ठेवू शकतो. गुंतवणूकदाराने थेट सरकारवर दावा करण्याची सोय वित्तीय प्रकरणात फार अरुंद असते. नाफ्ताखाली मेक्सिकोविरुद्ध एका अमेरिकी विमा कंपनीने केलेल्या दाव्यात सरकारने गुंतवणूक हिरावून घेतल्याच्या मुद्द्याखेरीज इतर मुद्दे लवादापुढे टिकलेच नाहीत, आणि २००६ मध्ये तोही मुद्दा फेटाळला गेला. तुमची तर तिथे गुंतवणूकच नाही, तेव्हा ती वाट सोडून द्या.

मंत्रालयाला द्यायचं टिपण दोन पानांच्या वर नेऊ नका. त्यात चार गोष्टी हव्यात: सोळा सेवांपैकी कोणती, पुरवठ्याचा कोणता प्रकार, सूचीतली किंवा परिशिष्टातली नेमकी ओळ तिच्या टिपांसह, आणि अडवणाऱ्या नियमाचं कलम व तारीख. पैसे पाठवण्याचा मुद्दा त्या टिपणात घालू नका. तो घातला की सल्ल्याचा भक्कम मुद्दाही मनी लाँडरिंगच्या चर्चेत बुडतो.